परंपरा कोणाची?

अभिजात नाटक नव्या रीतीने रंगभूमीवर आणणे म्हणजे नाटककाराचा अवमान, हे मत आम्हांस मान्य नाही. १९७० साली पीटर ब्रुक यांनी स्ट्रॅटफर्ड येथे शेक्सपिअरचे 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम' सादर केले, तेव्हा रंगमंचावर अरण्य नव्हतेच. होत्या शुभ्र भिंती, झोपाळ्यांवरचे नट आणि झाडांच्या जागी तारांची वेटोळी. जादूचे फूल म्हणजे काठीवर गरगर फिरणारी ताटली! ही तर सर्कस, हा शेक्सपिअर नव्हे, असे सनातनी म्हणणार.

मग खरा शेक्सपिअर कोणता? विसाव्या शतकाच्या आरंभी बीअरबोम ट्री यांनी याच नाटकात जिवंत ससे सोडले, तो? नाटककाराच्या काळी खुल्या नाट्यगृहांत भर दिवसा खेळ होत, स्त्रीभूमिका मुलगे करीत आणि रात्र झाली हे प्रेक्षकाला शब्दांतूनच कळे. आपण परंपरा म्हणून जे कवटाळतो, ती पुष्कळदा आजोबांच्या पिढीची हौस असते. ब्रुक यांनी ससे हाकलले. संहिता मात्र जवळजवळ अखंड ठेवली. थीसिअस आणि ओबेरॉन या दोन्ही भूमिका त्यांनी अ‍ॅलन हॉवर्ड या एकाच नटाकडे दिल्या. राजवाड्यात जे दडपले जाते तेच अरण्यात मोकळे होते, हे त्यामुळे अधिक स्पष्ट झाले.

आमचे भांडण आहे ते अनुकरण करणाऱ्यांशी. झोपाळा तेवढा उचलायचा, संवाद कापायचे, पदरची वाक्ये घुसडायची आणि जाहिरातीत नाव शेक्सपिअरचे छापायचे, हा व्यवहार सरळ नव्हे. त्यांनी खुशाल स्वतःचे नाटक लिहावे. आम्ही तिकीट काढून पाहू.