व्हायब्रेनियम कुणाच्या बापाचं?

दोस्तांनो, 'ब्लॅक पँथर' हा २०१८ चा पिक्चर आपल्या वस्तीतल्या पोरांनी मोबाइलवर इतक्यांदा बघितलाय, की राजाच्या उड्या त्यांना तोंडपाठ आहेत. परवा विहाराच्या ओट्यावर एक पोरगं म्हणालं, "दादा, आपल्याकडं व्हायब्रेनियम असतं ना, तर कुणाची टाप नव्हती अंगाला हात लावायची." मी तेव्हा गप्प बसलो. पण ते डोक्यात घुमत राहिलं, म्हणून हे लिहितोय.

व्हायब्रेनियम हा गोष्टीतला धातू. आकाशातून उल्का पडली आणि आफ्रिकेतल्या वाकांडा नावाच्या काल्पनिक देशात रुतली. पोलादाहून कठीण, वजनाला हलका, बसलेला दणका पिऊन टाकणारा. राजाच्या अंगावरचा वेश तर खाल्लेला मार साठवतो आणि मारणाऱ्यावर उलटा फेकतो! पिढ्यान्‌पिढ्या मार खाल्लेल्या माणसाला अशा धातूचं स्वप्न पडणारच. आपल्या आज्याही परिसाच्या गोष्टी सांगायच्या. लोखंडाला लावला की सोनं. लोखंडाचं सोनं झालं, पण पाणवठा काही खुला झाला नाही.

हा पँथर १९६६ साली अमेरिकेत स्टॅन ली आणि जॅक कर्बी या दोन गोऱ्यांनी कॉमिकमध्ये रचला. त्याच वर्षी ऑक्टोबरात ओकलंडला ह्यूई न्यूटन आणि बॉबी सील यांनी ब्लॅक पँथर पार्टी उभी केली. पुढं या पार्टीच्या नावाचा धसका असा, की १९७२ साली कॉमिकमधल्या हीरोनं काही काळ स्वतःचं नाव 'ब्लॅक लेपर्ड' करून घेतलं. नावाचा विटाळ नको! आणि त्याच १९७२ साली मुंबईत दलित पोरांनी 'पँथर' हेच नाव छातीवर घेतलं. कागदावरच्या पँथरकडं व्हायब्रेनियम होतं, तरी तो नावाला घाबरला. झोपडपट्टीतल्याकडं काही नव्हतं, तो घाबरला नाही.

आता वाकांडाचा हिशोब मांडू. हा देश डोंगराआड लपून बसला. जगाला दाखवायला गुराढोरांचा गरीब मुलुख, आत विमानं, प्रयोगशाळा, एका रात्रीत गोळीची जखम भरणारे उपचार. आणि त्याच शतकांत आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून माणसं साखळदंडात जहाजांत कोंबली जात होती. औषध घरात आणि भाऊ लिलावात! का? तर म्हणे, कळलं तर लुटतील.

ही भीती खोटी नाही. खऱ्या आफ्रिकेत काय झालं? हिरोशिमाच्या बॉम्बसाठी लागलेलं युरेनियम मोठ्या प्रमाणात बेल्जियन काँगोतल्या शिंकोलोब्वेच्या खाणीतून गेलं. काँगो स्वतंत्र झाला आणि लुमुंबानं मान वर केली, तर १७ जानेवारी १९६१ ला त्याला गोळ्या घातल्या. आज जगातलं निम्म्याहून जास्त कोबाल्ट त्याच काँगोतून निघतं. तुमच्या माझ्या मोबाइलच्या बॅटरीत ते असतं, आणि ते खणायला लहान पोरंही लागतात. त्यांच्या अंगावर राजाचा वेश नाही.

पण पिक्चरमधल्या खाणीत तरी खणणारा कोण, सांगा बरं? खाण दिसते, झुळझुळ गाड्या दिसतात. एकाही खाणकामगाराला नाव नाही. नाव राजाला. आणि राजा न मानणारी जबारी टोळी वर बर्फाच्या डोंगरात.

मग येतो किलमाँगर. त्याचा बाप हा धातू अमेरिकेतल्या काळ्यांच्या हातात द्यायला निघालेला. १९९२ साली ओकलंडमध्ये सख्ख्या राजाभावानं त्याला मारलं आणि पोराला तिथंच टाकून विमान उडालं. तेच पोर मोठं होऊन दारात येतं आणि विचारतं, आम्ही मरत होतो तेव्हा तुम्ही कुठं होता? पिक्चरला हा सवाल पेलत नाही. म्हणून सवाल त्याच्या तोंडी देतात आणि त्याच्याच हातानं एका म्हातारीचा गळा आवळवतात. सवाल करणाऱ्याला राक्षस ठरवलं की सवाल मेला. ही युक्ती आपल्याला नवी आहे काय? तोही शेवटी गादीच मागतो, हे खरं. शेवटी राजा ओकलंडात मदतकेंद्र काढतो. टाळ्या! दानधर्म झाला, खाण राजाचीच राहिली.

आता आपल्या घरात या. आपल्याकडं व्हायब्रेनियम नाही, असं कोण म्हणतो? शिक्षण आहे, राखीव जागा आहेत, नोकऱ्या आहेत. हे आभाळातून पडलेलं नाही. १९२७ ला महाडात डोकी फुटली, त्या वाटेनं आलंय. आणि ते हातात आल्यावर काय झालं? १८ मार्च १९५६ ला आग्र्यात बाबासाहेबांनी शिकलेल्यांबद्दलच दुःख बोलून दाखवलं.

आमच्या वस्तीतला एक जण साहेब झाला. त्याच्या फीसाठी धुणीभांडी करणाऱ्या बायांनी वर्गणी काढली होती. आज फ्लॅटच्या पाटीवर बदललेलं आडनाव, बाबासाहेबांचा फोटो आतल्या खोलीत. पोरं फॉर्म समजून घ्यायला गेली, तर दार उघडलं नाही. मी त्याला नुसत्या शिव्या देत नाही. खरं आडनाव कळलं की भाड्यानं घर मिळत नाही, हे मी भोगलंय. वाकांडासारखी त्याचीही भीती खरी आहे. पण दार लावून तो वाचला, आणि ज्या बायांनी त्याला वाचवलं त्या बाहेर राहिल्या. त्याचं काय?

तेव्हा ओट्यावरच्या पोरा, ऐक. यंदा तू दहावीला बसतोयस. पास झालास की संध्याकाळी खालच्या गल्लीतली चार पोरं घेऊन याच ओट्यावर बस. मोठा साहेब झालास तर पाटीवर खरं आडनाव लाव आणि दार उघडं ठेव. नाही ठेवलंस, तर तुझ्या दारात येऊन सवाल करणाऱ्यांत मी पहिला असेन. तेव्हा मला राक्षस म्हणू नकोस.