संसार सेट विकू नका, संसाराची यादी करून द्या



लग्नसराई जवळ आली की एक प्रश्न हमखास येतो. "सर, भांड्यांचं आणि गिफ्टचं दुकान टाकायचंय, किती माल भरू?" विचारणाऱ्याने दोन-तीन लाखांचं कर्ज मनात ठरवलेलं असतं. ५१ नगांचे संसार सेट, डिनर सेट, लेमन सेट, भिंतीवरची घड्याळं, सगळी यादी तयार! माझं मत थोडं कडू लागेल, पण सांगतो. हा माल भरू नका. निदान कर्ज काढून तर नकोच.

का ते बघा. हा माल वापरणारा विकत घेत नाही, देणारा घेतो. देणाऱ्याला काय हवं असतं? हजार-बाराशे रुपयांत मोठा दिसणारा खोका. म्हणून एकाच घरात तीन लेमन सेट आणि पाच घड्याळं येतात, पोटमाळ्यावर चढतात आणि पुढच्या मोसमात नव्या कागदात गुंडाळून दुसऱ्याच्या लग्नाला जातात. आपण यावर हसतो, पण धंद्याच्या नजरेने बघा. फिरत राहिलेला प्रत्येक लेमन सेट म्हणजे कुणाची तरी बुडालेली विक्री आहे. उद्या ती तुमची असेल. शिवाय आता निम्म्या पत्रिकांवर "कृपया आहेर आणू नये" छापलेलं असतं. लोकांना द्यायचं नसतं असं नाही. नको ते घ्यायचं नसतं, एवढंच.

अमेरिकेत यावर तोडगा निघाला त्याला शंभर वर्षं झाली. शिकागोच्या मार्शल फील्ड या मोठ्या दुकानाने १९२४ मध्ये नवरीने पसंत केलेल्या वस्तूंची नोंद ठेवायला सुरुवात केली. पाहुण्यांनी त्या यादीतलं घ्यायचं, दोनदा काही येत नाही. आता म्हणाल, हे आपल्याकडे चालणार नाही, लोकांना भीक मागितल्यासारखं वाटेल. अहो, आपल्याकडे हे तोंडी होतंच! मावशी कुकर देते, आत्या परात देते, मामा पिंप देतो, आणि कोण काय देतंय हे रुखवत मांडायच्या आधी घरातल्या बायकांना पाठ असतं. फरक इतकाच की ती यादी वहीत नव्हती आणि दुकानदाराच्या हातात तर नव्हतीच.

ती यादी तुमच्या हातात घ्या. माझ्या मते या धंद्यात खरी कमाई तिथे आहे.

सरसकट सगळ्यांना यादी पाठवायला सांगू नका. तिथे संकोच होणार, आणि तो बरोबरही आहे. पण लग्नघरात "काय देऊ?" असं स्वतःहून विचारणारी माणसं असतात. चुलत भावंडं, मैत्रिणींचा ग्रुप, ऑफिसमध्ये वर्गणी काढणारे सहकारी, परदेशातला मामेभाऊ. यादी फक्त त्यांच्यासाठी.

यादी करायला एक तास नवरा-नवरीसोबत बसा, जमल्यास दोघांच्या आईंसोबतही. आधी वस्तू विचारू नका, घर विचारा. भाड्याचं वन बीएचके की सासरचं भरलेलं स्वयंपाकघर? गॅस की इंडक्शन? डबा किती जणांचा? इंडक्शन असेल तर साधा ॲल्युमिनियमचा कुकर चालत नाही, इंडक्शन बुडाचाच लागतो. दोघांच्या घराला तीन लिटरचा कुकर रोज लागेल, पाच लिटरचा पाहुणे आले की निघेल. कुकर कुठलाही असो, आयएसआय मार्क नसलेला दुकानात ठेवूच नका, २०२१ पासून तो बंधनकारक आहे.

स्टीलचंही शिका. गिऱ्हाईक चुंबक घेऊन येतं, चिकटलं नाही की "भारी माल" म्हणतं. पण ३०४ आणि २०२ या दोन्ही प्रकारांना चुंबक सहसा चिकटत नाही, आणि भावात मात्र बराच फरक असतो, कारण ३०४ मध्ये निकेल जास्त असतं. उलट इंडक्शनच्या बुडाला चुंबक चिकटलंच पाहिजे. हे दोन वाक्यांत समजावून सांगणाऱ्यावर गिऱ्हाईक पुढची वीस वर्षं विश्वास ठेवतं. पितळेची हौस सध्या परत आली आहे, चांगलंच आहे. पण आतून कल्हई हवी, आणि तुमच्या गावात कल्हईवाला उरलाय का, हेही सांगा. नसेल तर स्वयंपाकाचं पितळेचं पातेलं यादीतून काढा. विक्री गेली तरी चालेल.

आणि बारक्या वस्तू! पोळपाट-लाटणं, सांडशी, किसणी, गाळणी, झारा, विळी, मिसळणाचा डबा. या कुणीच आहेरात देत नाही, आणि लग्नानंतरच्या पहिल्या आठवड्यात अडतं ते इथेच. त्यांचा एक गठ्ठा करा, मैत्रिणींचा ग्रुप आनंदाने घेतो.

आता पैशाचं. समजा यादी ३५,००० रुपयांची झाली, त्यातलं २५,००० चं लोकांनी उचललं. प्रत्येकाकडून पैसे आधी घ्या, वस्तूवर व्हॉट्सॲपच्या यादीत काट मारा, आणि मग घाऊक बाजारातून माल आणा. गिऱ्हाइकाच्या पैशाने खरेदी झाली, तुमचं भांडवल अडकलं नाही. दुकानसुद्धा लागत नाही. नाशिकच्या भांडी बाजारात किंवा पुण्याच्या तुळशीबागेत एका व्यापाऱ्याशी भाव ठरवून घरातून सुरू करता येतं. भांड्यांवरचा जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून १२ चा ५ टक्के झाला आहे, मिक्सरवर मात्र १८ टक्केच आहे. यादीत दोन्ही आले तर बिल नीट करा. आणि आमच्या एका यादीत तुमचा नफा १५ टक्के बसतो की २५, हे आधी कागदावर मांडा. "नंतर बघू" म्हणणाऱ्याचा मोसम संपल्यावर हिशोब लागत नाही.

एक धोका सांगून ठेवतो. आपल्याकडे भांड्यावर नाव घालायची पद्धत आहे. "चि. सौ. कां. अमकीस, आत्याकडून सप्रेम भेट." नाव घातलेली परात बदलून देता येत नाही, व्यापारी परत घेत नाही. म्हणून नाव शेवटी घाला, जोडप्याने वस्तू पाहून होकार दिल्यावर. शक्य असेल तर लग्नानंतरच, सगळा माल एकदम घरी पोचवताना. कार्यालयातून गावी, गावाहून शहरात अशी खोक्यांची वरात वाचते, हा फायदा ऐकला की नवऱ्याकडचे सगळ्यात आधी तयार होतात.

अधिक महिन्यात मुहूर्त नसतात, तेव्हा धंदा झोपला असं समजू नका. गेल्या दोन-तीन वर्षांत ज्यांची यादी केली त्यांच्याकडे तेव्हा जावयाचं धोंड्याचं वाण असतं. तांब्या-पितळेची भांडी, समया, निरांजनं. वही उघडा आणि सासूबाईंना फोन करा.

तुळशीच्या लग्नानंतर मुहूर्त सुरू होतात, म्हणजे यादीची बैठक दसऱ्याच्या सुमाराला व्हायला हवी. नात्यात किंवा शेजारात यंदा कुणाचं ठरलंय, ते आजच घरी विचारा. पहिल्या बैठकीचे पैसे घेऊ नका.