पात्रांमागची माती

२०२५ साली जपानच्या घिबली स्टुडिओच्या शैलीची नक्कल करणाऱ्या यंत्रनिर्मित प्रतिमा मराठी घरांतील मोबाइलवरही येऊन पोहोचल्या. ती शैली ज्या हातांनी घडवली त्यांची ओळख मात्र फारशी झाली नाही, आणि म्हणूनच आमचा हा अंक काझुओ ओगा या कला-दिग्दर्शकाला वाहिलेला आहे. अॅनिमेशनपटात पात्रे हलतात, परंतु ती ज्या स्थिर चित्रावर हलतात त्या पार्श्वचित्राचा रंग, प्रकाश आणि ऋतू ठरवण्याची जबाबदारी कला-दिग्दर्शकाची असते. १९५२ मध्ये आकिता प्रांतात जन्मलेल्या ओगा यांनी हिरोशिमावरील ‘बेअरफूट गेन’ या चित्रपटानंतर (१९८३) घिबलीचे दिग्दर्शक हायाओ मियाझाकी यांच्या ‘माय नेबर तोतोरो’चे (१९८८) कला-दिग्दर्शन केले आणि त्यात टोकियोजवळच्या खेड्यातील तांबूस पायवाट, तिच्या कडेचे तण, झाडाखालची ओलसर सावली पोस्टर कलरने जिवंत केली. कागद आधी भिजवून, ओल असतानाच आकाशाचे रंग एकमेकांत मिसळू द्यायचे आणि तो वाळल्यावर गवताचे पाते न् पाते कुंचल्याने उमटवायचे, अशी ही रीत आहे. ‘द टेल ऑफ द प्रिन्सेस कागुया’मध्ये (२०१३) याच चित्रकाराने कागदाचा बराच भाग कोरा ठेवला, हे आमच्या मते त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत धाडसी वळण होय. अशी वळणे चित्रांतच दिसतात, त्यामुळे या अंकातील लेख चरित्रापेक्षा चित्रांपाशी अधिक रेंगाळतात. वाचकांनी एखादे दृश्य थांबवून त्यातील पार्श्वचित्र न्याहाळावे आणि काय दिसले ते आम्हांला अवश्य कळवावे.