‘इना मिना डिका’ कोणाचे?



परवा सावलीत एक वरात निघाली होती. बँडवाल्यांनी ‘इना मिना डिका’ धरले आणि नवरदेवाच्या आजोबांपासून शाळकरी पोरांपर्यंत सारे नाचू लागले. वरात थांबल्यावर क्लॅरनेटवाल्याला विचारले, “भाऊ, हे गाणे कोणाचे?” तो म्हणाला, “किशोरकुमारचे!” आम्ही कारकून माणसे. कागदाखाली सही कोणाची, हे पाहण्याची आम्हाला खोडच आहे.

१९५७ च्या ‘आशा’ चित्रपटातले हे गाणे. रॉक अँड रोल हिंदी पडद्यावर आणणाऱ्या अगदी पहिल्या गाण्यांत ते मोडते. चाल सी. रामचंद्र यांची, म्हणजे १९१८ साली पुणतांब्यात जन्मलेले रामचंद्र नरहर चितळकर. आपल्या नागपुरात शंकरराव सप्रे यांच्याकडे ते शास्त्रीय गाणे शिकले, आणि पुढे मुंबईत विलायती ठेक्यावर साऱ्या देशाला नाचविले. १९५१ च्या ‘अलबेला’त त्यांच्या चालींवर गिरणी कामगाराचा मुलगा भगवान पालव नाचला. त्या साध्या पावलांवर दिवसभर राबून आलेला माणूसही नाचू शकत होता! ‘ऐ मेरे वतन के लोगो’ची चालही रामचंद्रांचीच, हे किती जणांना ठाऊक आहे?

परंतु विलायती वाद्यमेळ्यात कोणी काय वाजवायचे, ते कागदावर स्वरलिपीत लिहावे लागते. ते काम जाणत होते गोव्याचे ख्रिस्ती वादक. हळदोण्याचे आंतोनियो झेवियर वाझ, टोपणनाव चिक चॉकलेट, हे रामचंद्रांचे सहाय्यक. ‘अलबेला’त ते ट्रंपेट घेऊन दिसतातही. दुसरे सहाय्यक जॉन गोम्स. ‘इना मिना डिका’त कोकणी शब्द शिरले ते त्यांच्यामुळे, असे सांगतात. तबकडीवर मात्र अशा सहाय्यकांची नावे नसत. यात रामचंद्रांना दोष देण्याचा हेतू नाही; तेव्हाची रीतच तशी होती.

अमेरिकेत तरी वेगळे काय घडले? रॉक अँड रोल जन्मले काळ्या लोकांच्या वस्त्यांत. ‘हाउंड डॉग’ हे गाणे बिग मामा थॉर्नटन या काळ्या गायिकेने १९५२ साली ध्वनिमुद्रित केले. १९५६ साली तेच गाणे एल्विस प्रेस्ले या गोऱ्या तरुणाने गायले आणि जगभर त्याचेच झाले. राजा ही पदवीही त्यालाच मिळाली.

वरात पुन्हा हलली. बँडच्या ढोलावर मालकाचे नाव ठळक रंगविले होते. क्लॅरनेटवाल्याचे नाव आम्ही विचारले. तो आधी लाजला, मग सांगितले. खिशातल्या वहीत लिहून घेतले आहे.