हारांखाली झांकलेलें चरित्र

शास्त्रज्ञाचें चरित्र म्हणून मराठींत जें लिहिलें जातें, त्यास चरित्र म्हणणें हा त्या शब्दाचा अपमान आहे. खेड्यांतील बालपण, कंदिलाचा उजेड, परदेशगमन, मोठें पद, पदवी, सत्कार! नांवगांव बदललें कीं हाच मजकूर कोणासही चालावा. कोल्हापूरकरांनीं तरी हें सोसूं नये. खासबागेंत कुस्ती पाहून आलेला आमचा माणूस मल्लाच्या गदा मोजीत बसत नाहीं. पट कसा काढला, पकड कोठें सुटली, हें तो तासभर सांगतो. मग बुद्धीच्या आखाड्यांतच आम्ही इतके अरसिक कां?

श्री. शिवराम बाबूराव भोजे यांचेंच उदाहरण घ्या. कागल तालुक्यांतील कसबा सांगाव येथें 1942 सालीं जन्म, पुण्याची अभियांत्रिकीची पदवी, 1965 मध्यें ट्रॉम्बेच्या प्रशिक्षणशाळेंत प्रवेश, पुढें कल्पाक्कमच्या इंदिरा गांधी अणुसंशोधन केंद्राचें संचालकपद, 2003 मध्यें पद्मश्री. एवढें प्रत्येक गौरवलेखांत सांपडतें. पण या दोन टोकांच्या मध्यें हा गृहस्थ करीत काय होता?

सोडियमशीं झगडत होता. नैसर्गिक युरेनियमांत सहज विभाजन पावणारा भाग शेंकडा 0.7 च असतो. उरलेल्यापासून प्लुटोनियम पिकवावयाचें, तर न्यूट्रॉनांचा वेग मंदावतां कामा नये. पाणी तो मंदावतें. म्हणून भट्टीची उष्णता वाहून नेण्यास वितळलेला सोडियम खेळवावा लागतो. हा धातु तापलेला असतां हवा लागतांच पेट घेतो, पाण्याशीं गांठ पडतांच भडकतो. आणि वीज करावयाची म्हणजे पोलादी नळीच्या एका अंगास सोडियम व दुसऱ्या अंगास पाणी ठेवणें भागच!

फ्रान्समधील कादाराश येथें या भट्टीचा आराखडा करणाऱ्या भारतीय मंडळींत भोजे 1969-70 मध्यें होते. 1974 मध्यें पोखरणचा स्फोट झाला आणि फ्रान्सकडून यावयाचें समृद्ध युरेनियम आलें नाहीं. तेव्हां प्लुटोनियम व युरेनियम यांच्या कार्बाइडांचें मिश्र इंधन येथेंच तयार करावें लागलें. 18 ऑक्टोबर 1985 रोजीं भट्टी चेतली. 1987 मध्यें इंधन हलवितांना आंतील भाग वांकले, आणि ती पूर्ववत् होण्यास सुमारें दोन वर्षें गेलीं. हा प्रसंग गौरवलेखक टाळतो; जणूं अडचण लिहिल्यानें माणसास विटाळ होतो! अशा दोन वर्षांत मनुष्य कसा विचार करतो, सहकाऱ्यांस कसा धीर देतो, हें ज्यास सांगतां येत नाहीं त्यानें चरित्रलेखनाच्या वाटेस जाऊं नये.

‘सामान्य वाचकास हें रुक्ष वाटेल,’ हा आक्षेप तर निव्वळ आळसाचा आहे. पोलादी नळीच्या दोन अंगांचें वैर ज्यास रुक्ष वाटतें, त्यास रस तरी कशांत वाटणार?

शिवाय खरा वादाचा प्रश्न आहेच. फ्रान्सनें आपली ‘सुपरफेनिक्स’ मागील शतकाच्या अखेरीस बंद केली. ‘मोंजू’ मोडीत काढण्याचें जपाननें 2016 मध्यें ठरविलें. कल्पाक्कमची 500 मेगावॉटची भट्टी 2004 मध्यें बांधावयास घेतली, तिचा गाभा भरूं लागण्यास 2024 उजाडलें. हा मार्ग दूरदृष्टीचा कीं केवळ खर्चाचा? असें विचारण्यासाठींच खरें तर सभा भराव्या. पण उत्तर देऊं शकणारा तज्ज्ञ व्यासपीठावर बसवून आम्ही त्यास विचारतों काय, तर शाळेंत जातांना आपल्या पायांत वहाणा होत्या कीं नव्हत्या!