सैल पाते आणि आपली जबाबदारी



पावसाळा सरला की काजूच्या बागायतीतले रान साफ करण्याची घाई सुरू होते. 2 नोव्हेंबरच्या मृतांच्या स्मरणदिनापूर्वी दफनभूमीतले गवतही कापावयाचे असते. पूर्वी ही कामे कोयत्याने होत. आता खांद्याला अडकवायचे ग्रास कटर आले आहे. त्याने कष्ट वाचले, हे चांगलेच झाले. परंतु त्याच्या पात्याकडे होणारे दुर्लक्ष आम्हांस गंभीर वाटते.

हे पाते मिनिटाला हजारो फेरे घेते. ते सुटले, तर कोणाच्या पायावर जाईल हे सांगता येत नाही. बहुतेक ग्रास कटरमध्ये पात्याचा नट उलट्या आट्यांचा असतो. घड्याळाच्या काट्यांच्या उलट दिशेने फिरवला की तो आवळतो. नेहमीच्या सवयीने आवळायला जाणारा माणूस तो सैल करून बसतो!

पात्याला हात लावण्यापूर्वी इंजिन बंद करून प्लगची टोपी काढावी. वायसर होते त्याच क्रमाने बसवावेत. झिजून बोटांनी सहज फिरू लागलेला नट बदलावा. तडा गेलेले पाते वेल्डिंग करून वापरू नये. ते टाकूनच द्यावे. धार सर्व दातांना सारखी लावावी, नाहीतर यंत्र थरथरते आणि थरथरीने नट ढिला होतो. गार्ड काढू नये. काम चालू असता इतरांनी निदान 15 मीटर दूर राहावे. साखळीचे दुवे जोडलेली पाती तर घेऊच नयेत. दुवे तुटून उडतात, म्हणून 2012 साली युरोपीय आयोगाने सदस्य देशांना त्यांच्या विक्रीवर बंदी घालावयास लावली.

पवित्र शास्त्रात दोन प्रसंग आहेत. अनुवादाच्या 19व्या अध्यायात लाकूड तोडताना कुऱ्हाडीचे पाते दांड्यातून निसटते व शेजारी मरतो. तोडणाऱ्याच्या मनात वैर नव्हते, म्हणून त्याला आश्रय मिळतो. निर्गमाच्या 21व्या अध्यायात मात्र बैल मारका आहे हे सांगूनही मालक त्याला आवरत नाही. तेथे मालक दोषी ठरतो. आमच्या मते, नट सैल आहे हे ठाऊक असून यंत्र चालवणारा किंवा दुसऱ्यास देणारा या मालकासारखाच आहे.

बागायतीत बहुधा रोजंदारीवरचा गडी हे यंत्र चालवतो. ‘त्याला सवय आहे’ असे म्हणून आपण मोकळे होतो. आपण त्याला रोज देतो तो कामाचा, त्याच्या डोळ्याचा किंवा पायाचा नव्हे. त्याला चष्मा व गमबूट आपणच द्यावेत. जखम झाल्यास स्वच्छ कापडाने घट्ट दाबून धरावी व 108ला फोन करावा. डोळ्यात काही रुतल्यास चोळू नये, उपटू नये.

सकाळी यंत्र गड्याच्या हाती देण्यापूर्वी मालकाने पाना घेऊन नट स्वतः तपासावा. त्याला दोन मिनिटे पुरतात. शेजाऱ्यावर प्रेम करण्याची हीही एक रीत आहे.