खतावणीची किल्ली कोणाकडे?

सोलापूरच्या पूर्व भागातील चादर-टॉवेलच्या लहान कारखानदाराने हिशेब संगणकावर ठेवावा की नाही, हा वाद आता उरलेला नाही. 1 जुलै 2017 रोजी वस्तू व सेवा कर लागू झाला, तेव्हाच तो निकालात निघाला. कोणते सॉफ्टवेअर घ्यावे, हा प्रश्न मात्र शिल्लक आहे, आणि त्याचे उत्तर कारखानदार स्वतः क्वचितच देतो. करसल्लागार वापरतो तेच तो घेतो; किंवा काहीच न घेता महिनाअखेरीस बिलांचा गठ्ठा सल्लागाराच्या कचेरीत पोचवून, भरावयाच्या कराचा आकडा तेवढा विचारून परततो.

वरवर पाहता यात गैर काही नाही. परंतु अशा व्यवस्थेत हिशेब केवळ सरकारसाठी उरतो, मालकासाठी राहत नाही. पूर्वीचा दिवाणजी रोजच्या रोज कीर्द लिहीत असे आणि कोणाकडून किती येणे आहे, हे दिवेलागणीपूर्वी सांगू शकत असे. यंत्र आले आणि ही सोय गेली, हा उलटाच न्याय म्हणावयाचा!

यंत्रमागाचा हिशेब किराणा दुकानाच्या हिशेबासारखा नसतो. सूत किलोवर येते, चादर नगावर जाते. मध्ये रंगणी असते, मागावरची घट असते. दुसऱ्याचे सूत मजुरीवर विणून देणाऱ्याच्या कोठीत जो माल पडलेला असतो, तो त्याचा नसतोच. आणि कायद्याने तो सूत पाठविल्यापासून सामान्यतः एक वर्षाच्या आत मूळ मालकाकडे परतावा लागतो. शिवाय कामगारांची नगावरची मजुरी आणि त्यांनी घेतलेली उचल. मोबाइलवर सुबक बिले काढून देणाऱ्या स्वस्त सॉफ्टवेअरला यातले किती कळते, हे विकत घेण्यापूर्वी पाहिले पाहिजे. त्यासाठी विक्रेत्याचे प्रात्यक्षिक कामाचे नाही. कारखान्यातील एका आठवड्याची खरी बिले, चलने आणि उचलीची वही आपल्या कारकुनापुढे ठेवावी आणि तो ती विनासायास चढवितो का, ते पाहावे. टॅलीचा जन्मही असाच गरजेतून झाला. कापडगिरण्यांना कच्चा माल व यंत्रांचे सुटे भाग पुरविणाऱ्या श्यामसुंदर गोयंकांना मनाजोगे सॉफ्टवेअर मिळेना, म्हणून त्यांचे पुत्र भरत यांनी ते लिहिले आणि 1986 साली कंपनी उभी राहिली.

खरी मेख येण्यात आहे. परगावचा व्यापारी माल उधारीवर नेतो. सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योगांसाठीच्या 2006 च्या कायद्यानुसार सूक्ष्म व लघु उत्पादकाचे पैसे फार तर 45 दिवसांत चुकते झाले पाहिजेत. न झाल्यास रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ पद्धतीने व्याज द्यावे लागते. गिऱ्हाईक तुटेल या भीतीने हे व्याज मागण्यास कोणी सहसा धजत नाही, ही गोष्ट वेगळी. पण कोणाची किती बाकी किती दिवस थकली आहे, याची यादी रोज डोळ्यांपुढे असेल, तर निदान त्याच व्यापाऱ्याला पुढची गाठ द्यावी की नाही, एवढे तरी ठरविता येते. ही यादी सल्लागाराच्या कचेरीतील संगणकात असून उपयोग काय?

म्हणून परवाना व सांकेतिक शब्द मालकाच्या नावे असावेत. वर्गणी थांबविल्यास जुना हिशेब उघडता येईल का आणि तो दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये नेता येईल का, हे प्रश्न पैसे मोजण्यापूर्वी विचारावेत. कारण वस्तू व सेवा कराखाली हिशेबाची कागदपत्रे वार्षिक विवरणाच्या अंतिम तारखेपासून 72 महिने जपावी लागतात. उलट, काही धाक निष्कारण घातले जातात. प्रत्येक फेरफाराची नोंद ठेवणाऱ्या सॉफ्टवेअरची 1 एप्रिल 2023 पासूनची सक्ती कंपन्यांना आहे. एकट्या मालकाच्या वा साध्या भागीदारीच्या कारखान्याला नाही.

किमतीची घासाघीस मात्र सर्वांत जास्त होते, आणि ती सर्वांत कमी महत्त्वाची आहे. खरा खर्च चालविणाऱ्या माणसाचा. 22 सप्टेंबर 2025 रोजी कराचे दर बदलले, तेव्हा कोणत्या मालाला कोणता दर लावावयाचा, हे शेवटी कोणा कारकुनालाच समजून घ्यावे लागले. असा कारकून तीन-चार कारखान्यांनी मिळून ठेवला, तरी प्रत्येकाची कीर्द रोज संध्याकाळी पुरी होऊ शकते. शहरातील महाविद्यालयांतून वाणिज्य शाखेचे पदवीधर दरवर्षी बाहेर पडतात. त्यांना नफा-तोटा पत्रक मांडता येते, पण सुताचे चलन त्यांच्या हाती बहुधा पहिल्या नोकरीतच पडते.